काळ्या हिरोचं लगीन

काळ्याला हिरो केला तो मनिषनं. त्या दिवशी शुक्रीनं काळ्याला जेवायला दोनदा हाक मारली होती, एकदा भात वाढला म्हणून आणि एकदा भात निवला म्हणून. तो अंगणात उभा राहून कॅमेऱ्यासमोर मान इकडे वळव, तिकडे वळव करत होता आणि मनिष म्हणत होता, "हां, तसाच बघ. जबडा बघा याचा, जबडा!" तो जबडा शुक्री दहा वर्षं भाकर चावताना बघत आली होती. त्यात एवढं हुरळून जाण्यासारखं काय आहे ते तिला कळेना.

ही २०१४ च्या दिवाळीनंतरची गोष्ट. तलासरीच्या अलीकडे, हायवेपासून आत, तीस-पस्तीस घरांचा त्यांचा पाडा. काळ्या उंबरगावकडच्या एका कारखान्यात प्लास्टिकच्या बादल्यांना कड्या लावायचं काम करायचा. मनिष चिखल्याचा. घरची चिकूची वाडी, समुद्राच्या बाजूला दुमजली घर, आणि स्वतःचा धंदा लग्नाच्या शूटिंगचा. पाड्यापाड्यावर लग्नं शूट करता करता त्याच्या ध्यानात आलं, की लोक त्या सीड्या झिजेपर्यंत बघतात, स्वतःच्या लग्नाच्याच नाही, परक्यांच्या लग्नाच्यासुद्धा. टीव्हीत मराठी होतं, हिंदी होतं, गुजराती होतं, पण आपल्या बोलीत बोलणारा माणूस तिथं कुणी पाहिला नव्हता. मनिष काही समाजसेवक नव्हता. जे मागतील ते विकायचं एवढं त्याला कळत होतं, आणि तेवढं पुरलं.

पहिला पिक्चर अकरा दिवसांत झाला. गोष्ट साधीच. गरीब पोरगा, खोटं माप टाकणारा दुकानदार, तारप्यावर नाच, शेवटी मारामारी. तो पाड्यावर दाखवला तेव्हा जनरेटर लावून, आंब्याला चादर बांधून दाखवला. चादरीवरचा काळ्या झोपडीत वाकून शिरला आणि म्हणाला, "आये, मी आलू." एवढंच. मग पाड्याचा कारभारी हाल्या, जो कुणाच्या मयतालाही रडायचा नाही, तो डोळे पुसायला लागला. "आपला बोलतो रे," तो म्हणाला, "आपल्यासारा बोलतो." शुक्रीला त्या दिवशी पहिल्यांदा वाटलं, की आपल्या घरात भाकर खाणारा हा माणूस फक्त आपला उरणार नाही.

पिक्चरच्या पैशातून काळ्यानं तिला तलासरीच्या बाजारातून बांगड्या आणल्या. हिरव्या, प्लास्टिकच्या. लावणी करताना, गवत कापताना तिच्या काचेच्या बांगड्या टिकायच्या नाहीत, म्हणून. "दुकानवाला बोलला, दगडावर आपट, फुटायच्या नाय," असं म्हणत त्यानं स्वतःच्या हातानं तिच्या हातात चढवल्या. तिच्या उजव्या हाताच्या करंगळीचं शेवटचं पेर लहानपणी विळ्यानं गेलं होतं. तिथून बांगडी सरकवताना तो नेहमी हळू व्हायचा.

आता एक गोष्ट इथंच सांगून टाकायला हवी. काळ्या आणि शुक्री दहा वर्षं एका घरात होती, आठ वर्षांची तानी त्यांची पोर होती, पण त्यांचं लगीन झालेलं नव्हतं. त्यात पाड्याला वावगं काही वाटत नसे. लगीन म्हणजे गावजेवण, ताडी, वाजंत्री आणि दोन दिवस गाऊन लगीन लावणारी धवलेरी. जमेल तेव्हा करायचं. कुणाचं पोरंबाळं झाल्यावर होतं, कुणाचं स्वतःच्या पोराबरोबर एकाच मांडवात होतं. मात्र लगीन होईस्तोवर बाई सवाशीण नाही, आणि सवाशीण नाही तिला लग्नाचा चौक काढता येत नाही. गेरूनं सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पिठानं चौकट काढायची, नक्षी भरायची आणि मधोमध पालघट देवी काढायची, ते काम सवाशिणींचं. दुसरीचा हात लागला तर देव येत नाहीत, आणि त्या घरावर पीडा येते.

आणि शुक्रीचा हात तर असा, की अंगणात काडीनं मोर काढला तर कोंबड्या बाजूनं जायच्या. दुसऱ्यांच्या लग्नात ती बाहेर बसून तांदूळ कुटून द्यायची आणि आत सवाशिणींच्या जाडजाड, वाकड्या रेघा बघून तिचे हात शिवशिवायचे. आपलं लगीन कधी होतं आणि आपण चौकासमोर कधी बसतो, एवढं एकच मागणं तिनं आयुष्याकडे केलं होतं.

दुसरा पिक्चर २०१५ च्या उन्हाळ्यात. या वेळी मनिषला शेवटी लगीन पाहिजे होतं. "खोटं खोटं नको, एकदम नॅचरल," तो म्हणाला. हिरॉइन म्हणून सायवनची रूपी आणली. सतरा-अठरा वर्षांची, आश्रमशाळेतून नुकतीच बाहेर पडलेली, बोलताना ओढणीचं टोक चावणारी पोर. घर शुक्रीचंच ठरलं, कारण तिच्या घरकुलाची पुढची भिंत पाड्यात सगळ्यांत मोठी होती. विटांची भिंत, ठेकेदारानं सिमेंटचा नुसता वास दाखवून उभी केलेली. मनिषनं ती शेण-गेरूनं सारवून घेतली, म्हणजे जुनी दिसेल. आणि गायला जिवली धवलेरी बोलावली.

जिवलीनं पिक्चर जन्मात पाहिला नव्हता. सत्तरी गाठलेली, डोळ्यांना कमी दिसणारी. तिला सांगितलं, काळ्याचं लगीन गायचंय. हाल्या हसत म्हणाला, "आये, हा नुसता पिकचरचा लगीन." जिवलीनं मान हलवली आणि विचारलं, हळद कुठंय. हाल्यानंही मग विषय सोडला. म्हातारीला काय समजवायचं, असं त्याला वाटलं असेल. शुक्रीनं स्वतः तांदूळ कुटले. आपल्या माणसाच्या लग्नाचे तांदूळ दुसरीसाठी कुटतोय, हे तिच्या मनात आलंच नाही असं नाही. आलं आणि ती हसली. पिक्चर तर होता.

सकाळी तीन सवाशिणी चौकाला बसल्या. मनिषनं त्यांच्यावर लाइट मारला आणि झालं, त्या लाजायला लागल्या. एक पदर तोंडात घेते, दुसरी खिदळते, तिसरीची रेघ भलतीकडे जाते. चौकट झाली, नक्षी झाली, मधली जागा रिकामी राहिली आणि त्या जेवायला उठून गेल्या. घरात मनिष आणि भांडी लावणारी शुक्री. मनिष घड्याळाकडे बघून वैतागला होता.

"वहिनी," तो म्हणाला, "तुमचा हात चांगला चालतो म्हणतात. ती मधली देवी काढा ना पटकन. मला फक्त हाताचा क्लोजअप पाहिजे."

"माझा हात नाय चालत त्याला, शेठ. माझा लगीन नाय झाला."

"अहो, पिक्चर आहे. सगळं खोटंच आहे. तुमचं तोंडसुद्धा दिसणार नाही."

शुक्रीनं दाराकडे पाहिलं. कुणी नव्हतं. मग तिनं वाटी ओढून घेतली. बांबूची काडी पिठात बुडवली आणि काढायला लागली. दोन त्रिकोण, वरती डोकं, पसरलेले हात, बाजूला झाडं, सूर्य, चंद्र, फणी. एकही रेघ पुसावी लागली नाही. अकरा-बारा वर्षांच्या वयापासून जे मनात काढलं होतं ते भिंतीवर आपोआप उतरत गेलं. इतकं सुख तिला पूर्वी कधी झालं नव्हतं, आणि त्या सुखातच ती भ्याली. काडी टाकून हात धुवून ती चुलीपाशी जाऊन बसली. सवाशिणी परत आल्या तेव्हा प्रत्येकीला वाटलं, दुसरीनं काढली. मनिष काहीच बोलला नाही. त्याच्या लेखी ती बोलण्यासारखी गोष्टच नव्हती.

मग जिवली गायला बसली. मनिषनं पाच मिनिटांत "कट" म्हटलं. जिवली थांबली नाही. हाल्यानं खांद्याला हात लावला, तिनं तो झटकला. एकदा देवांना बोलावलं की अर्ध्यात सोडता येत नाही, हे तिच्या आईनं तिला शिकवलं होतं. ती गात राहिली आणि आजूबाजूच्या बाया आपोआप तिच्यामागे ओढत गेल्या. बघायला आलेल्या भगताच्या अंगात देव आला. काळ्या आणि रूपी हळदीनं पिवळी होऊन बसून राहिली, कारण उठायचं कसं ते त्यांनाही कळेना. मनिष हर्षानं वेडा झाला. एवढं नॅचरल त्याला कुणी दिलं नव्हतं. संध्याकाळी कॅमेऱ्याची शेवटची बॅटरी संपली तेव्हाही जिवली गातच होती.

त्या पिक्चरनंतर लोकांनी काळ्याला डोक्यावर घेतला. बाजारात सीडी, मोबाइलच्या दुकानात मेमरी कार्ड, रिक्षात गाणी. डहाणूपासून उधव्यापर्यंत, आणि हद्दीपलीकडे गुजरातच्या पाड्यांवरही, लोक त्याला "हिरो" म्हणून हाक मारायला लागले. पाड्यावर चादरीवर पिक्चर लागला तेव्हा शुक्रीचा मात्र जीव मुठीत होता. आणि तो आलाच. सगळ्या चादरीभर तिचा हात. हिरव्या बांगड्या, पेर नसलेली करंगळी, काडी, देवी. चार-पाच क्षण, पण तिला ते चार-पाच वर्षांसारखे वाटले. मग लगेच हळदीनं माखलेलं काळ्याचं तोंड आलं आणि शिट्ट्यांचा पाऊस पडला. हात कुणी पाहिलाच नाही. लोक हिरोला बघायला आले होते, हात बघायला नव्हे.

पुढची दोन वर्षं काळ्याचे पाय जमिनीला लागले नाहीत. कारखाना सुटला. गॉगल आला. क्रिकेटच्या सामन्यांना बक्षीस वाटायला, दुकानाची फीत कापायला, लग्नात दोन ठुमके मारायला त्याला न्यायला लागले. एकदा वाढवणला बंदराच्या विरोधातल्या सभेलासुद्धा नेला. तिथं भाषणापेक्षा त्याच्यासोबत फोटो काढायला जास्त गर्दी झाली आणि पुढारी चिडले. आणखी दोन पिक्चर झाले. तो घरी यायचा तेव्हा भातावर बसायच्या आधी आरशात जबडा बघायचा. शुक्री चिडवायची, "भात चावायचा का त्याला नुसता दाखवायचा?" तो हसायचा. वाईट माणूस नव्हता तो. हिरो झाला म्हणून त्यानं दुसरी बाई आणली नाही, तिच्यावर हात उचलला नाही. भिंतीवरचा चौक पुसू मात्र देत नव्हता. "लोक बघायला येतात," म्हणायचा. आणि शुक्री रोज उठून त्या देवीसमोर चूल पेटवायची आणि तिच्याकडे पाठ करून बसायची.

मग फुकटचं नेट आलं. सीडी कुणी घेईना. मनिषनं चारही पिक्चर मोबाइलवर टाकून दिले, लोकांनी ते एका रात्रीत पाहिले आणि दुसऱ्या दिवशी दुसरं काही बघायला लागले. ज्याच्या हातात फोन तो हिरो झाला. मनिष लग्नाआधीची शूटिंगं घ्यायला लागला, दमणच्या समुद्रावर, पांढऱ्या घोड्यासकट. काळ्या त्याला फोन करायचा; आधी मनिष उचलायचा, मग "मीटिंगमध्ये आहे" म्हणायचा, मग उचलायचाच बंद झाला.

काळ्या परत कारखान्यात गेला. तिथं चहाच्या सुटीत सुपरवायझर त्याला टेबलावर उभा करायचा आणि "चल हिरो, डायलॉग मार" म्हणायचा. सतरा दिवस त्यानं ते सोसलं. अठराव्या दिवशी घरी येऊन तो भिंतीकडे तोंड करून निजला. त्यानंतर तो बराचसा तिथंच असायचा, भिंतीखाली, हातात मोबाइल, मोबाइलमध्ये स्वतः. "आये, मी आलू," मोबाइल म्हणायचा. आणि तानी शाळेतून आली तरी त्याला पत्ता नसायचा.

२०१८ च्या चैत्रात तो एकदा आपणहून उठला, अंघोळ केली आणि म्हणाला, "शुक्रे, ह्या साली आपला लगीन करू." शुक्रीला खरंच वाटेना. तेरा-चौदा वर्षं जे मागितलं ते असं चहा मागावा तसं समोर आलं. दोघं जिवलीकडे गेली.

जिवलीनं सगळं ऐकलं आणि म्हणाली, "तुझा लगीन मी गायलाय."

"आये, ती पिकचर होती," काळ्या म्हणाला.

"पिकचर काय ते मना नाय ठाव. मी देवांना बोलावला, देव आले. तू हळद लावून बसलास. आता देवांना काय सांगू, खोटा होता म्हणून?" मग तिनं शुक्रीकडे पाहिलं, आणि तिच्या आवाजात जराही वाईटपणा नव्हता. "हिला दुसरी म्हणून ठेव. पन दुसरीला गाना नसतो, पोरी. मी तरी काय करू?"

शुक्रीच्या ओठांवर आलं होतं. एक वाक्य होतं फक्त. देव आलेच नसतील आये, ती देवी माझ्या हातची होती. तेवढं म्हटलं असतं तर ते लगीन मोडलं असतं आणि तिचं होऊ शकलं असतं. पण दोनच वर्षांपूर्वी शेजारच्या पाड्यावर एका बाईला भुताळी ठरवून पाड्याबाहेर काढली होती, एका पोराला ताप आला एवढ्यावरून. तिच्या घराची कौलंसुद्धा लोकांनी ठेवली नव्हती. बिनलग्नाच्या हातानं चौक बाटवला, आणि तेव्हापासून काळ्याचं काम गेलं, नाव गेलं, माणूस भिंतीला लागला. हे सगळं कुणाच्या माथी मारायचं ते पाड्याला शिकवावं लागलं नसतं. शुक्री गप्प बसली. घरी येताना काळ्या म्हणाला, "जाऊ दे. तू हायसच की." तिला ढसाढसा रडावंसं वाटलं, पण रस्त्यात बाया होत्या.

त्याच साली दिवाळी झाल्यावर धरणी हलायला लागली. आधी पोटात गुरगुरल्यासारखा आवाज, मग भांडी खडखडायची, मग सगळं शांत. आठवड्यातून दोनदा, कधी एका दिवसात चारदा. सरकारी माणसं आली, तंबू देऊन गेली. लोक घरं सोडून अंगणात राहायला लागले. हाल्या म्हणायचा, कुणीतरी देवाचं काही बाटवलंय. तो म्हणायचा ते सहज, सगळ्यांना उद्देशून, पण शुक्रीच्या हातातलं भांडं सुटायचं. भिंतीला चौकातूनच चीर गेली होती, देवीच्या पोटावरून आडवी. शुक्री काळ्याला रोज सांगायची, "बाहेर निजत जा." तो म्हणायचा, "माझी भिंत मना काय करते?"

फेब्रुवारीतल्या एका दुपारी शुक्री बोरिंगवर पाणी भरत होती. आवाज आला तो नेहमीपेक्षा मोठा. हंडा आडवा झाला. ती धावली, पण पोचेपर्यंत सगळं थांबलं होतं, धूळसुद्धा खाली बसायला लागली होती. तीन भिंती उभ्या होत्या. चौथी आतल्या बाजूला पडली होती आणि विटांखालून मोबाइलचा आवाज येत होता. गाणं चालू होतं. शुक्रीनं विटा उपसल्या, नखं निघाली, माणसं आली, त्यांनी तिला बाजूला केलं. काळ्याचा जबडा तेवढा शाबूत होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी सरकारी दवाखान्यातून त्याला आणला आणि अंगणात निजवला. शुक्री उशाशी बसली. तानी तिला चिकटून. बाया जमल्या, आणि हाल्या बाजूला जाऊन जिवलीशी बोलायला लागला. मग त्यानं एका पोराला मोटरसायकलवर बसवून सायवनला पाठवलं.

"कोणाला बोलवतोस?" शुक्रीनं विचारलं.

हाल्यानं तिच्याकडे पाहिलं नाही. "रूपीला. कुकू पुसायचा, बांगड्या फोडायच्या तर लगनाचीच पायजे ना."

"मी हाय की इथं."

"तू हायस," जिवली म्हणाली, "पन बांधला नाय ते सोडायचा कसा, पोरी?"

शुक्रीला वाटलं, आपण ऐकतोय ते दुसऱ्या कुणाबद्दल तरी असेल. चौदा वर्षं या माणसाचा भात शिजवला, त्याची पोर वाढवली, काल त्याच्या अंगावरच्या विटा उपसल्या. आणि आज त्याच्यासाठी बांगडी फोडायचीसुद्धा आपल्याला परवानगी नाही.

रूपी दुपार व्हायच्या आत आली. बरोबर लाहू होता, तिचा होणारा नवरा, हद्दीपलीकडच्या एका पाड्यावरचा सरळ पोरगा; लग्नाची बोलणी करायला तो बापाबरोबर सायवनलाच आला होता. याआधी दोन ठिकाणी, पिक्चरमध्ये लगीन झालेली म्हणून, तिला नाकारली होती. या लाहूनं तेवढं मनावर घेतलं नव्हतं. पंधरा दिवसांवर त्यांचं लगीन होतं. बायांनी रूपीला धरून काळ्याच्या पायाशी बसवली. तिला अजून नीट कळलं नव्हतं. एकीनं तिच्या हातातल्या नव्या चुड्याला हात घातला तेव्हा कळलं आणि ती किंचाळली.

"मी नाटक केला! आये, मी नुसता नाटक केला! शुक्रीबाय, सांग ना यांना!"

लाहूचा बाप मागच्या मागे मोटरसायकलकडे वळला होता. विधवेचं लगीन गात नाहीत, आणि न गायलेल्या सुनेला तो घरात घेणार नव्हता. शुक्रीनं रूपीकडे पाहिलं. ओढणीचं टोक चावणारी तीच पोर, फक्त आता ओढणी दातांनी फाटली होती. हिचा चुडा फुटला की ते लगीन कायमचं खरं होणार, आणि ही पोर जन्मभर काळ्याची रांडाव म्हणून बसणार. काळ्याची! जिला काळ्या भात कसा खातो तेसुद्धा ठाऊक नव्हतं.

आणि त्याच वेळी शुक्रीच्या मनात हेही येऊन गेलं, की गप्प राहिलो तर आपल्याला कुणी काही करणार नाही. हे ती पुढं कुणाला बोलली नाही, पण आलं होतं.

"थांबा," ती म्हणाली. "ते लगीन झालाच नाय."

"गप बस," हाल्या म्हणाला.

"चौक बाटलेला होता. मधली देवी मी काढली. माझा लगीन नव्हता झाला, ठाव होता मना, तरी काढली."

मग तेव्हा चौकाला बसलेल्या तिघींतली एक सवाशीण म्हणाली, "खोटा बोलते. रूपीला सोडवायला बोलते."

"लाहू," शुक्री म्हणाली, "पिकचर लाव."

लाहूनं फोन काढला. पिक्चर लागला, गाणं पुढं ढकललं, लगीन आलं. मयताभोवती सगळी माणसं एका एवढ्याशा काचेवर वाकली. शेजारी काळ्या चादरीखाली पडला होता आणि फोनमध्ये तो हसत होता. मग हात आला. "थांबव," शुक्री म्हणाली. लाहूनं थांबवलं. हिरव्या बांगड्या, काडी, देवी, पेर नसलेली करंगळी. शुक्रीनं आपला उजवा हात त्या फोनशेजारी धरला. त्याच बांगड्या होत्या.

शंभर वेळा पाहिलेला पिक्चर. हाल्यानं आयुष्यात पहिल्यांदा त्यातला हिरो सोडून दुसरं काही पाहिलं.

जिवलीला दिसत नव्हतं. तिनं शुक्रीचा हात ओढून घेतला आणि करंगळी चाचपली. बराच वेळ चाचपत राहिली. मग म्हणाली, "मंग देव नाय आले. मी कोणाला गायलू दिसभर?" तिचा आवाज इतका म्हातारा कधी वाटला नव्हता. "सोडा त्या पोरीला. लगीन झाला नाय."

रूपीला सोडली. ती धडपडत उठली, लाहूच्या मागे मोटरसायकलवर बसली आणि गेली. जाताना तिनं वळून पाहिलं नाही, आणि शुक्रीला त्याचा राग आला नाही.

मग अंगण हळूहळू मोकळं व्हायला लागलं. आधी एकीनं आपलं तान्हं उचलून कडेवर घेतलं. मग दुसरी दोन पावलं मागे सरली. "चार वरसं त्या भिंतीखाली निजवला त्याला," तिसरी म्हणाली. "भिंतीनं खाल्ला." हाल्यानं तिला गप्प केलं नाही. बिनलग्नाचा म्हणून काळ्याला हळद लावली, बिनलग्नाच्या पोराला लावतात तशी, आणि पुरुषांनी त्याला उचलला. सगळ्या पिक्चरांत शेवटी ज्याचं लगीन व्हायचं, तो तसाच गेला. शुक्रीला कुणी कशालाच बोलावलं नाही. तानीला एका बाईनं हाताला धरून बाजूला नेऊ पाहिलं; तानीनं हात सोडवून घेतला आणि आईपाशी येऊन उभी राहिली.

अंगणात दोघीच उरल्या तेव्हा शुक्री उठून पडलेल्या भिंतीपाशी गेली. गेरूचा एक मोठा तुकडा वर आला होता, त्यावर देवीचा एक हात आणि अर्धा चंद्र शिल्लक होता. तिनं कपाळावरचं कुंकू तळव्यानं पुसलं. मग वीट उजवीकडे नीट मांडली, तिच्यावर मनगट ठेवलं आणि दुसऱ्या हातानं दगड घेऊन बांगड्यांवर मारला. एकदा, दोनदा, मग मोजलंच नाही. कातडी फाटली, रक्त आलं.

"आये," तानी रडत म्हणाली, "नको ना."

शुक्रीनं दगड खाली ठेवला आणि हात उचलून पाहिला. बांगड्या जराशा वाकल्या होत्या. बाजारातून आणल्या तेव्हा काळ्या म्हणाला होता ते खरं होतं. त्या फुटत नव्हत्या.